आवाज कसा ते कळलं. आता कधी ते सांगा

वाचकांचे प्रश्न, ओव्हन दुरुस्त करणारीची उत्तरं

मागच्या अंकात कन्व्हेक्शन ओव्हनच्या तापमानाबद्दल लिहिलं होतं. त्यावर आलेल्या पत्रांत तापमानाबद्दल थोडं आणि आवाजांबद्दल पुष्कळ होतं. घरघर, खरखर, टकटक, चर्र, सूं. आवाजाचं वर्णन सगळ्यांनी मनापासून केलंय, पण तो आवाज नेमका केव्हा येतो हे फार थोड्यांनी लिहिलंय. मला दुरुस्तीच्या कामात सगळ्यात उपयोगी पडतं ते हेच. ओव्हन तापताना येतो, पंखा फिरताना येतो, की बंद केल्यावर? गार असताना येतो आणि मग जातो, की उलट? ओव्हनच्या प्रत्येक भागाची काम करायची वेळ ठरलेली असते, त्यामुळे वेळ कळली की निम्मा शोध तिथेच संपतो.

आधी थोडी ओळख. मागच्या भिंतीत, जाळीच्या झाकणाआड एक पंखा असतो, बहुतेक वेळा त्याच्याभोवती गोल हीटर असतो, आणि पंख्याची मोटार भिंतीच्या पलीकडे बसवलेली असते. हा गरम हवा फिरवणारा पंखा. बऱ्याच ओव्हनमध्ये दुसराही एक पंखा असतो, वरच्या बाजूला किंवा मागे. तो आतल्या वायरी, बटणं आणि सर्किट गार ठेवतो. खालच्या निम्म्या उत्तरांत हे दोन पंखे पुन्हा पुन्हा येणार आहेत, म्हणून ते वेगळे लक्षात ठेवा.

प्रश्न : ताई, ओव्हन तापायला लागला की आतून टक्, टक् असा आवाज येतो आणि मधेच एकदा जोरात ठण्ण होतं. काच फुटली असं वाटून मी धावत जाते, पण सगळं जागच्या जागी असतं. बंद केल्यावर पुन्हा टक् टक् सुरू. हा ओव्हन वापरणं सुरक्षित आहे का?

तुम्ही वेळ लिहिलीत, त्यामुळे उत्तर देणं सोपं झालं. तापताना आणि गार होताना, दोन्ही वेळेस येणारी टकटक म्हणजे पत्र्याचं प्रसरण आणि आकुंचन. 40 सेंटिमीटर लांबीचा साधा पोलादी पत्रा 200 अंशांनी तापला की सुमारे एक मिलिमीटर लांब होतो. ऐकायला थोडं वाटतं, पण तो पत्रा स्क्रूंनी जखडलेला असतो, शेजारचा जाड पत्रा अजून पुरेसा तापलेला नसतो, मग ताण साठत जातो आणि एका क्षणी पत्रा जरासा सरकतो. तो सरकण्याचा आवाज म्हणजे टक्. यात बिघाड काही नाही.

जोरातलं ठण्ण मात्र बहुधा ट्रेचं असतं. पातळ ट्रे एका बाजूला पदार्थाखाली गार राहतो, दुसऱ्या रिकाम्या बाजूला तापतो, आणि पिळवटून एकदम उसळतो. खात्री करायची असेल तर ट्रे आणि जाळ्या बाहेर काढून ओव्हन एकदा रिकामा तापवून बघा. ठण्ण गेलं तर दोष ट्रेचा. जाड ट्रे घ्या, पदार्थ मधोमध किंवा सगळीकडे सारखा पसरून ठेवा, आणि फ्रिजमधला ट्रे थेट तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवू नका. भांडं काचेचं असेल तर हे शेवटचं कधीच करू नका.

एक गोष्ट तेवढी तपासा. दाराच्या आतल्या काचेवर खोल ओरखडा किंवा कडेला टवका आहे का? असेल तर काच बदलेपर्यंत ओव्हन लावू नका. कडक केलेली काच तडा गेल्यावर तशीच राहत नाही, तिचे एका क्षणात बारीक तुकडे होतात.

प्रश्न : ओव्हन बंद केला तरी पंखा चालूच राहतो. कधी दहा मिनिटं, कधी वीस. वीज वाया जाते म्हणून मी प्लग काढून ठेवतो. बरोबर ना?

नाही, कृपया प्लग काढू नका. हा तो दुसरा, गार करणारा पंखा आहे. हीटर बंद झाला तरी ओव्हनच्या पोटातली उष्णता लगेच जात नाही. ती हळूहळू बाहेरच्या भागांत शिरते. सर्किट, वायरींचं आवरण, दाराचं हँडल यांना सगळ्यात जास्त ऊब लागते ती ओव्हन बंद केल्यानंतरच. पंखा त्याच वेळेसाठी ठेवलेला आहे. आतला सेन्सर पुरेसा गार झाला की तो आपोआप थांबतो, म्हणूनच जास्त तापवलेल्या दिवशी जास्त वेळ चालतो. त्याला लागणारी वीज हीटरच्या मानाने अगदी नगण्य असते. सर्किट जळलेले ओव्हन माझ्याकडे येतात, त्यांत दर वेळी प्लग उपसण्याची सवय मला अनेकदा ऐकायला मिळते.

काळजी करायची ती दोन प्रसंगी. ओव्हन हाताला पूर्ण गार लागतोय तरी पंखा थांबत नाही, तर उष्णतेवर चालणारा स्विच किंवा सेन्सर बिघडला आहे. आणि पूर्वी चालणारा पंखा आता चालतच नाही, तर ते जास्त वाईट. तिथे ओव्हन वापरणं थांबवून दुरुस्तीवाल्याला बोलवा. ओव्हनच्या मागची आणि बाजूची जागा पुस्तिकेत सांगितली आहे तेवढी मोकळी आहे का, हेही बघा. हवेची भोकं डब्यांनी किंवा कापडाने बुजली की हाच पंखा मोठ्याने घोंघावतो.

प्रश्न : मागच्या बाजूने खर्र खर्र असा घासल्यासारखा आवाज येतो. सुरुवातीला अधूनमधून यायचा, आता रोज. यजमान म्हणतात, तेलाचे दोन थेंब सोडू. सोडू का?

तेल सोडू नका, ते कुठलंही असलं तरी. या प्रश्नावर मी जरा सविस्तर लिहिते, कारण हीच तक्रार सगळ्यात जास्त पत्रांत आहे आणि उपाय मात्र प्रत्येक वेळी वेगळा निघतो.

आधी खात्री करा की आवाज पंख्याचाच आहे. बहुतेक ओव्हनमध्ये दार उघडलं की पंखा थांबतो. दार उघडताच खरखर मंदावत थांबली आणि लावल्यावर परत आली, तर पंखाच. बऱ्याच साध्या विजेच्या ओव्हनमध्ये डीफ्रॉस्ट लावलं की हीटर न लागता नुसता पंखा फिरतो. पुस्तिकेत तसं लिहिलेलं असेल तर गार ओव्हनमध्ये तो आवाज निवांत ऐकता येतो. पण तुमचा ओव्हन मायक्रोवेव्ह-कन्व्हेक्शन असेल तर हा प्रयोग अजिबात करू नका. त्यात डीफ्रॉस्टला मायक्रोवेव्ह चालू होतात, आणि रिकाम्या ओव्हनमध्ये त्या चालू करायच्या नसतात.

आता वेळ बघा. गार असताना खरखर किंवा किरकिर येते आणि पाच-दहा मिनिटांत आपोआप जाते, तर मोटारीचं बुश, म्हणजे तिचा दांडा ज्यात फिरतो ती कडी, कोरडं पडत चाललंय. ही मोटार अजून काही काळ चालेल, पण तिचे दिवस भरत आलेत. उलट, गार असताना शांत आणि तापल्यावर खरखर, तर तापून वाकलेलं झाकण पात्यांना टेकतंय, नाहीतर मोटारीचा दांडा झिजून पुढेमागे हलतोय. आवाज ओव्हन साफ केल्याच्या दुसऱ्या दिवसापासून सुरू झाला असेल तर मी सगळ्यात आधी झाकणाचे स्क्रू बघते. झाकण नीट खाचेत बसलेलं नसतं किंवा एखादा स्क्रू सैल राहिलेला असतो. आणि आवाज मधूनच फडफड असा असेल तर बेकिंग पेपरचा किंवा फॉइलचा तुकडा पात्यांत अडकलाय. रिकामा ओव्हन तापवताना ट्रेवर नुसता कागद ठेवू नये तो याचसाठी. पंखा तो ओढून घेतो, आणि हीटरला चिकटला तर पेटतो.

घरी काय करता येईल ते सांगते. प्लग काढा. भिंतीत बसवलेला ओव्हन असेल तर मेन स्विच पाडा. ओव्हन पूर्ण गार होऊ द्या. जाळ्या काढा, टॉर्च घ्या, आणि झाकणाचे आतून दिसणारे स्क्रू घट्ट आहेत का ते बघा. घट्ट म्हणजे हाताला लागेल इतके. पूर्ण ताकद लावून आवळलेलं झाकण तापल्यावर आणखी वाकतं. झाकण काढल्यावर लाकडी चमच्याच्या टोकाने पंखा हळूच फिरवा. तो मोकळा फिरला पाहिजे, डुलता कामा नये. पात्यांवर तुपकट काजळीचा थर एका बाजूला जास्त असेल तर तेवढ्यानेही तोल जातो आणि सगळा ओव्हन थरथरतो. कोमट साबणाच्या पाण्यात भिजवून पिळलेल्या कापडाने पुसून घ्या. कापड पिळलेलंच हवं. भिंतीपलीकडे मोटार आहे, तिकडे पाणी जायला नको.

पंखा सैल वाटला तर मधला नट आवळावा लागतो. इथे एक सांभाळा : बऱ्याच ओव्हनमध्ये या नटचे आटे उलटे असतात, म्हणजे नेहमीच्या दिशेने आवळायला जाल तर तो सुटेल. जोर लावण्याआधी किंचित फिरवून बघा.

पातं वाकलं असेल तर ते नजरेने सरळ करायचा मोह टाळा. केसाएवढा फरक राहिला तरी मिनिटाला शेकडो फेरे फिरताना तो जाणवतो, आणि तो धक्का रोज बुशवर बसतो. नवा पंखा बसवणं स्वस्त पडतं.

आता तेलाबद्दल. घरातलं कुठलंही तेल त्या उष्णतेला काही दिवसांत जळून डिंकासारखं चिकट होतं. दोन दिवस आवाज जातो, सगळ्यांना बरं वाटतं, आणि मग मोटार पूर्वीपेक्षा जड फिरायला लागते. शिवाय ते तेल आत ओघळलं तर धूर येतो. बुश गेलेलं असेल तर मोटार बदलायची, हाच सरळ मार्ग.

आवाज करत का होईना चालतोय तोवर चालू द्या, असं पुष्कळ जण म्हणतात. माझं मत याच्या विरुद्ध आहे. पंखा मंदावला की गोल हीटरची उष्णता जागच्या जागी साठते, पदार्थ एका बाजूने करपतो आणि दुसरीकडे कच्चा राहतो. शेवटी पंखा अडकला तर सुरक्षेचा कट-आउट ओव्हन बंद करतो, आणि तेव्हा मोटारीबरोबर हीटरचाही खर्च होतो.

प्रश्न : मायक्रोवेव्ह-कन्व्हेक्शन ओव्हन आहे. कन्व्हेक्शनला नेहमीसारखा चालतो, पण मायक्रोवेव्हवर लावला की घूंऽऽ असा खूप जड आवाज येतो आणि पदार्थ गारच. मी थोडंफार इलेक्ट्रिकचं काम जाणतो. उघडून बघू का?

उघडू नका. मी हे अगदी कळकळीने लिहितेय. मायक्रोवेव्हच्या पोटात एक कपॅसिटर, म्हणजे वीज साठवून ठेवणारा भाग असतो, त्यावर दोन हजार व्होल्टच्या आसपास दाब असतो आणि प्लग काढल्यावरही तो तसाच भरलेला राहू शकतो. घरातल्या वायरिंगचा कितीही सराव असला तरी इथे तो पुरेसा नाही. या धक्क्याने माणूस जातो.

तुमच्या लक्षणांवरून दोष उच्च दाबाच्या भागात दिसतो. ट्रान्सफॉर्मर एरवीही गुणगुणतो. पुरवठा 50 हर्ट्झचा असेल तर त्याचा पत्रा सेकंदाला शंभर वेळा कंप पावतो. पण जड घूं आणि उष्णता शून्य, ही जोडी दिसली की मी आधी डायोड (वीज एकाच दिशेने जाऊ देणारा भाग) तपासते, मग मॅग्नेट्रॉन (मायक्रोवेव्ह तयार करणारा भाग). डायोड शॉर्ट झाला की ट्रान्सफॉर्मरवर फार भार येतो आणि तो असा कण्हतो. ओव्हन मायक्रोवेव्हवर लावणं आजपासून बंद करा आणि दुरुस्तीवाल्याला हे दोन्ही मुद्दे सांगा : आवाज फक्त मायक्रोवेव्हला येतो, आणि गरम होत नाही. कन्व्हेक्शन चालतंय हेही सांगा, त्यावरून पुष्कळ गोष्टी आपोआप वगळल्या जातात.

याच प्रकारच्या ओव्हनबद्दल आणखी दोघींनी विचारलंय, त्यांना इथेच उत्तर देते. खालून गडगड येत असेल तर काचेची ताटली उचला, खालची चाकांची कडी काढा, धुवा, ती फिरते ती जागाही पुसा. चुरा आणि वाळलेले ओघळ चाकाखाली येतात, बस एवढंच असतं. पण आतून चट्चट् होऊन ठिणग्या दिसत असतील तर त्याच क्षणी बंद करा. कन्व्हेक्शनची धातूची जाळी मायक्रोवेव्हला आत राहिली असेल, किंवा आतल्या भिंतीवरचा अभ्रकाचा पत्रा तेलकट होऊन जळला असेल. जाळी त्या प्रकाराला चालते असं पुस्तिकेत स्पष्ट लिहिलं असेल तरच ठेवायची. जळका अभ्रक पुसून भागत नाही, बदलावा लागतो.

प्रश्न : पावसाळ्यात बरेच दिवस ओव्हन लावला नव्हता. परवा लावला तर हीटरमधून चर्र, स्स् असा आवाज आला आणि घरातला वीजगळती रोखणारा स्विच पडला. तीनदा वर केला, तीनदा पडला.

चौथ्यांदा वर करू नका. हीटरच्या नळीच्या आत तार असते आणि तिच्याभोवती मॅग्नेशियम ऑक्साइडची भुकटी ठासून भरलेली असते. ही भुकटी दमट हवेत ओलावा धरते. तापल्यावर तो ओलावा बाहेर पडतो, तेव्हा स्स् ऐकू येतं, आणि ओल्या भुकटीतून थोडा प्रवाह नळीच्या धातूत उतरतो म्हणून स्विच पडतो. स्विच त्याचं काम चोख करतोय. त्याला बगल देऊन ओव्हन चालवायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका. दुरुस्तीवाला मेगर नावाच्या मीटरने इन्सुलेशन, म्हणजे वीज धातूत उतरू न देणारं आवरण किती शाबूत आहे ते मोजेल. बऱ्याचदा हीटर वाळवून पूर्ववत होतो, नाहीतर बदलावा लागतो.

स्विच न पडता नुसतं पहिली काही मिनिटं स्स् येऊन थांबत असेल तर चिंता नाही. हीटरवर एकाच ठिकाणी जास्त लाल ठिपका किंवा फुगवटा दिसला आणि तिथूनच गुणगुण येत असेल, तर मात्र तो हीटर तुटायला आला आहे.

प्रश्न : दर काही मिनिटांनी टिक् असा आवाज येतो, आत दिवाही किंचित मंद होतो. थर्मोस्टॅट गेला का?

नाही, चालतोय. टिक् झालं की हीटर लागतो किंवा सुटतो. हीटर लागताना 2000 वॅटचा ओव्हन 230 व्होल्टवर जवळपास 9 अँपियर ओढतो, म्हणून दिवा क्षणभर मंद होतो. टिक् ऐवजी सलग कर्रर्र असं व्हायला लागलं तर रिले, म्हणजे हीटर लावणारा-सोडणारा आतला स्विच, नीट चिकटत नाहीये. व्होल्टेज कमी आहे किंवा सर्किट बिघडतंय. आणि तडतड ओव्हनमधून न येता प्लगकडून येत असेल, प्लग हाताला गरम लागत असेल, तर ओव्हन सोडून आधी सॉकेट बदलून घ्या.

प्रश्न : दाराकडून बारीक शीळ ऐकू येते. रबर बदलू का?

आधी कागदाची पट्टी दारात धरून दार लावा आणि ओढून बघा. सगळीकडे सारखी अडत असेल तर रबर चांगलं आहे. एकाच जागी सहज निसटली तर तिथून वाफ निघते आणि शीळ वाजते. रबर धुवून, वाळवून नीट खाचेत बसवा. कडक झालं असेल, चिरलं असेल तर बदला. काही ओव्हनमध्ये खालच्या बाजूला रबराला मुद्दाम फट ठेवलेली असते, ती बुजवू नका.

प्रश्न : तुम्ही नेहमी आवाजावरून निदान सांगता. मला जन्मापासून ऐकू येत नाही. मी एकटी राहते आणि ओव्हन रोज वापरते. माझ्या ओव्हनमध्ये काही बिघडतंय हे मला कसं कळेल?

हा प्रश्न पाठवल्याबद्दल तुमचे आभार. मी आवाज ऐकते तेव्हाही हात ओव्हनवर ठेवलेला असतो, कारण पुष्कळ बिघाड कानाआधी हाताला कळतात. तुम्हालाही ते जमेल.

ओव्हन चांगला चालतोय तेव्हाच सुरुवात करा. चालू केल्यावर लगेच, बाहेरचा पत्रा गार आहे तोवर, तळहात ओव्हनच्या बाजूवर सपाट ठेवा. पंख्याचा कंप बारीक आणि एकसारखा लागतो. तो हाताला ओळखीचा होऊ द्या. पुढे कधी त्यात ठेका जाणवायला लागला, धक्का-थांबा-धक्का असा, तर पंख्याचा तोल गेलाय किंवा पातं टेकतंय. कंप सगळ्या पत्र्यात भरून आला तर थर साचलाय किंवा नट सैल आहे.

डोळ्यांनी बघायची एक खूण फार भरवशाची आहे. आतला दिवा लावून जाळीआडचा पंखा बघा आणि ओव्हन बंद करा. चांगला पंखा हळूहळू मंदावत काही सेकंदांनी थांबतो. बुश कोरडं पडलेला पंखा झटकन थांबतो. हाच पंखा लागतानाही अडखळतो, जरासा थबकून मग वेग घेतो. काही ओव्हनमध्ये बंद केल्यावरही गरम हवेचा पंखा थोडा वेळ चालू ठेवलेला असतो, तिथे दार उघडून बघा. गार करणाऱ्या पंख्यासाठी हवा बाहेर पडते त्या फटीसमोर कागदाची अरुंद पट्टी धरा. ती हलली पाहिजे, ओव्हन बंद केल्यावरही काही वेळ.

ठिणगी तुम्हाला दिसेलच, पण सॉकेटमधली तडतड कळणार नाही. म्हणून अर्ध्या तासाच्या वापरानंतर प्लगच्या प्लास्टिकला हाताची पाठ लावून बघायची सवय ठेवा. कोमट चालेल, हात पटकन मागे घ्यावा लागला तर सॉकेट बदला. खोलीत धुराचा सेन्सर असेल तर तो लुकलुकणाऱ्या दिव्याचा किंवा उशीखाली कंप देणाऱ्या जोडणीचा घ्या. टायमर संपल्याची सूचना मोबाइलच्या किंवा मनगटी घड्याळाच्या कंपावर लावता येते.

तुमचा ओव्हन साधा आहे की मायक्रोवेव्हसह, आणि पंखा जाळीतून दिसतो का, ते कळवा. त्याप्रमाणे पंखा बघायची नेमकी जागा तुम्हाला चित्र काढून पाठवते.